वाद्य प्रकार : शीळ

(१९९४ च्या दहावीच्या तुकडीच्या मेळाव्यात केलेले भाषण)

आदरणीय सर, बाई, आणि तीस वर्षांनंतरही एकमेकांना आडनावानेच हाका मारणाऱ्या माझ्या वर्गबंधू-भगिनींनो,

संयोजकांनी मला विषय दिला होता, 'मालवण ते माहिती तंत्रज्ञान : माझा प्रवास'. तो प्रवास एसटीच्या रातराणीने झाला, कोल्हापूरला गाडी थांबायची तेव्हा मला उलटी व्हायची, आणि पुढे इंजिनिअरिंगची पदवी मिळाली. झाला विषय. उरलेल्या वेळात मी एका गाण्याबद्दल बोलणार आहे. संयोजक माझ्याकडे बघताहेत, पण माईक आता माझ्या हातात आहे.

गाण्याचं नाव 'विंड ऑफ चेंज'. गाणाऱ्या बँडचं नाव स्कॉर्पियन्स, म्हणजे आपले विंचू. आपल्या वर्गातल्या चार-पाच जणांना तरी हे गाणं नक्की आठवत असेल, कारण १९९१ च्या पावसाळ्यानंतर ते भरडावरच्या आमच्या घरात इतकं वाजलं की शेजारच्या काकूंनी आईला विचारलं होतं, "ह्या रडताहा कोण?"

कॅसेट आणली माझ्या आतेभावाने. दादा बोटीवर होता. आपल्याकडे 'बोटीवर आहे' म्हटलं की पुढे काही विचारायचं नसतं, तो चार-सहा महिन्यांनी साबण, चॉकलेटं आणि एखादी वस्तू घेऊन येतो. त्या वर्षी हॅम्बुर्गहून त्याने टू-इन-वन आणला आणि सोबत ही एक कॅसेट, 'क्रेझी वर्ल्ड'. पहिली तीन गाणी म्हणजे पत्र्यावर नारळ पडावेत तसा दणदणाट. आजी देवघरातून ओरडायची. आणि मग चौथं गाणं सुरू व्हायचं. गिटारचे मोजके सूर, आणि त्यावर एक माणूस शीळ घालतोय. बाकी काही नाही. आजीसुद्धा गप्प व्हायची. मग म्हणायची, "तिनसांजेक शीळ घालू नये, जनावर येता. बंद करा ता."

तेव्हा मला त्या गाण्याबद्दल काहीच माहीत नव्हतं. शब्द निम्मे कळायचे. आज जे सांगते ते पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत जमवलेलं आहे.

हा बँड जर्मनीतल्या हानोफरचा. रुडॉल्फ शेंकरने तो १९६५ मध्ये सुरू केला. म्हणजे गाणं आलं तेव्हा ही मंडळी नवखी नव्हती, चाळिशीला आलेली होती, आज आपण आहोत तशी. १९८८ मध्ये त्यांनी लेनिनग्राडला दहा कार्यक्रम केले होते. मॉस्कोतले मात्र ऐनवेळी रद्द झाले. दुसऱ्या वर्षी, १२ आणि १३ ऑगस्ट १९८९ ला, मॉस्कोच्या लेनिन स्टेडियमवर दोन दिवसांचा मोठा रॉक महोत्सव झाला. बॉन जोव्ही, ऑझी ऑसबॉर्न, मॉटली क्रू अशी अमेरिकेची-इंग्लंडची मोठी नावं, रशियाचा गॉर्की पार्क नावाचा बँड, आणि हे विंचू. बंदोबस्ताला सैनिक होते. ते प्रेक्षकांकडे तोंड करून उभे राहायचे, आणि गाणी सुरू झाल्यावर हळूहळू मंचाकडे वळले, टोप्या हवेत उडवायला लागले. गायक क्लाउस माइन याने हे दृश्य पुढे अनेक मुलाखतींत सांगितलं आहे. त्याच दिवसांत एका संध्याकाळी सगळ्या बँडची मंडळी, पत्रकार आणि सैनिक एका नावेतून मॉस्क्वा नदीने गॉर्की पार्ककडे गेले. नदी, संध्याकाळ, नाव, आणि एकमेकांचे शत्रू म्हणून वाढवलेली माणसं एका फळीवर बसलेली. घरी परतल्यावर काही आठवड्यांत त्याने गाणं लिहिलं.

इथे एक गोष्ट मुद्दाम सांगते, कारण ती सगळीकडे चुकीची सांगितली जाते. हे गाणं बर्लिनची भिंत पडल्यावर लिहिलेलं नाही. ते मॉस्कोच्या त्या संध्याकाळवर लिहिलेलं आहे. भिंत पडली ९ नोव्हेंबर १९८९ ला. अल्बम आला नोव्हेंबर १९९० मध्ये, आणि त्यातून हे गाणं स्वतंत्र सिंगल म्हणून निघालं जानेवारी १९९१ मध्ये. आधी त्याच अल्बममधली दणदणाटी गाणी सिंगल म्हणून काढून झाली होती. म्हणजे हे काही कंपनीचं हुकमी पान नव्हतं.

आणि शिळेबद्दल तर फारच गंमत आहे. माइन हा गायक, गिटारवादक नव्हे. सुरुवातीची धून सुचली तेव्हा त्याने ती शिळेवर घातली. पुढे कंपनीच्या लोकांनी सुचवलं की हार्ड रॉक बँडला शीळ शोभत नाही, काढून टाका. त्यांनी काढून पाहिली. गाण्यात काहीतरी कमी झालं, म्हणून परत घातली. आमच्या धंद्यात हे रोज चालतं. ग्राहक म्हणतो हे बटण काढा, आपण काढतो, मग त्याला कळतं की सगळी माणसं तेच बटण दाबत होती. फक्त आमच्याकडे ते परत घालायचे वेगळे पैसे घेतात.

१९९१ च्या उन्हाळ्यात ते युरोपभर पसरलं. जर्मनीत पहिल्या क्रमांकावर, इंग्लंडमध्ये दुसऱ्या, अमेरिकेत ऑगस्टच्या शेवटी चौथ्या. त्याच ऑगस्टमध्ये, १९ तारखेला, मॉस्कोत गोर्बाचेव्ह यांच्याविरुद्ध उठाव झाला आणि तीन दिवसांत फसला. टीव्हीवर रणगाडे, रेडिओवर ही शीळ. गाणं लिहिणाऱ्याच्या मनात असेल-नसेल, ऐकणाऱ्यांनी दोन्ही एकत्र बांधून टाकलं. व्हिडिओतही भिंतीची दृश्यं होती. म्हणून गाणं भिंतीचं झालं ते झालंच. त्यांनी ते रशियन भाषेतही गायलं. डिसेंबरमध्ये गोर्बाचेव्ह यांनी बँडला क्रेमलिनमध्ये बोलावून घेतलं, आणि २५ डिसेंबरला त्यांनीच राजीनामा दिला. देशच संपला.

आपल्या भूगोलाच्या पुस्तकात मात्र तो होता. एप्रिलच्या परीक्षेत काय लिहायचं, असं कुणीतरी विचारलं होतं, आणि उत्तर मिळालं होतं, "पुस्तकात आहे तेच लिहा, मार्क पुस्तकाला आहेत." सर, मी नाव घेत नाही. हसताय म्हणजे तुम्हाला आठवतंय.

त्या वर्षी हाँगकाँगहून स्टार टीव्ही सुरू झाला आणि त्यावरून मुंबईच्या काही घरांत एमटीव्ही दिसायला लागला. मुंबईत १९८४ पासून रॉक मशीन नावाचा बँड इंग्रजी रॉक गात होता, १९९३ मध्ये त्याने इंडस क्रीड असं नाव घेतलं. आपल्याला ह्यातलं काही कळण्याचं कारण नव्हतं. आपल्याकडे दूरदर्शन होतं, आणि वीज असली तर तेही दिसायचं. इतकी गाजलेली गोष्ट मालवणला पोचली ती एका खलाशाच्या पेटीतून, साबणाच्या वड्यांबरोबर. कॅसेटला बरेच दिवस लक्सचा वास येत होता.

आता मुख्य गोष्टीकडे येते.

माझ्या बाकावर एक मुलगी बसायची. नाव सांगणार नाही, तिने तशी अट घातली आहे. ती दांडीची. वडील रापणीवर. तिला शीळ घालता यायची. तशी अनेकांना येते, पण हिची वेगळी होती. किनाऱ्यावर उभं राहून ती बापाला हाक मारायची शिळेने, कारण वाऱ्यात तोंडाची हाक पोचत नाही आणि शीळ पोचते. बोटं तोंडात घालून एक, ती लांबची. आणि नुसत्या ओठांनी दुसरी, ती गाण्याची. ती आमच्याकडे गणिताची वही न्यायला आली आणि हे गाणं लागलं होतं. तिने दारातच उभं राहून पूर्ण ऐकलं. मग म्हणाली, "परत लाव." मी पेन्सिल घालून कॅसेट मागे फिरवली, कारण सेल वाचवायचे होते. तिसऱ्या वेळेस ती कॅसेटबरोबर शीळ घालत होती. एक सूर इकडेतिकडे नाही. आजी बाहेर आली, पण काही बोलली नाही.

नावाचा अर्थ काय, तिने विचारलं. मी शहाणी, म्हटलं, 'परिवर्तनाचे वारे'. ती क्षणभर विचार करून म्हणाली, "म्हणजे वारो फिरलो." खारे वारे आणि मतलई वारे मी तोपर्यंत परीक्षेसाठी पाठ केले होते. तिच्या घरी वारा फिरला की होडी काढायची की नाही हे ठरायचं. हे इतकं चांगलं भाषांतर मी अजून कुठे वाचलेलं नाही.

डिसेंबरच्या शेवटी स्नेहसंमेलन होतं. आठवीच्या वर्गाची विविध गुणदर्शनाची यादी करायचं काम माझ्याकडे होतं, कारण माझं अक्षर चांगलं. माझ्याच डोक्यात आलं की हिने हे गाणं शिळेवर म्हणावं. ती नको म्हणत होती. "चेडवांनी शीळ घातलेली चलात?" मी म्हटलं, चालेल. आणि यादीत लिहिलं : 'वाद्यवादन'. शीळ हा शब्द लिहिला असता तर यादीतून नाव गेलं असतं, हे मला पक्कं माहीत होतं. तिला मी सांगितलं नव्हतं की मी काय लिहिलंय.

ती मंचावर आली तेव्हा बाईंनी निवेदनात म्हटलं, "आता वाद्यवादन." हातात वाद्य नाही म्हणून पडद्यामागे थोडी गडबड झाली. तिने सुरुवात केली. पहिल्या दोन ओळी, म्हणजे शिळेच्या दोन ओळी, सभागृहात टाचणी पडली तरी ऐकू आली असती. मला वाटलं, जमलं. मग मागच्या बाजूने, दहावीच्या मुलांतून, एक शीळ आली. ती कुठल्या प्रकारची ते इथल्या प्रत्येक बाईला ठाऊक आहे. मग दहा आल्या. हशा. पडदा ओढला गेला. ती पडद्याच्या आत अजून शीळ घालत होती, तिला कळलंच नव्हतं की पडदा पडला, कारण ती डोळे मिटून होती.

दुसऱ्या दिवशी दोघींना ऑफिसात बोलावलं. यादी टेबलावर होती. अक्षर माझं. विचारलं, हे 'वाद्यवादन' कुणाच्या डोक्यातून आलं? मंडळी, तेव्हा मी तेरा वर्षांची होते, आठवीत पहिली होते, आणि वडील बँकेत असल्यामुळे शाळेत सगळे मला ओळखत होते. मी म्हटलं, "तिने लिहायला सांगितलं."

ती काही बोलली नाही. तिच्या वडिलांना बोलावलं. रापण सोडून आलेला माणूस, गुडघ्यापर्यंत वाळू, व्हरांड्यात उभा. मला वर्गात पाठवलं. पंधरा दिवसांनी बक्षीस समारंभात मला 'उत्कृष्ट संयोजन' म्हणून स्टीलचा डबा मिळाला. तो डबा माझ्या आईकडे अजून आहे, त्यात कोकमं ठेवते.

मैत्रिणीने बाक बदलला. भांडण झालं नाही. दहावीपर्यंत आम्ही एकाच वर्गात होतो आणि गणिताच्या वहीसाठी ती पुन्हा कधी आली नाही. नंतर मी इंजिनिअरिंगला गेले, ती दांडीलाच राहिली.

हे मी विसरले होते असं म्हणायला आवडलं असतं. पण हे गाणं विसरू देत नाही, त्याला मी काय करू? २००५ मध्ये कामानिमित्त सहा आठवडे हानोफरला होते. त्याच गावाला. कचेरीत माझ्यासोबत लाइप्झिगचा एक सहकारी होता, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठा, पूर्व जर्मनीत वाढलेला. कँटीनच्या रेडिओवर गाणं लागलं आणि मी आनंदाने सांगितलं की हे आमच्या गावात पोचलं होतं. तो म्हणाला, मला हे गाणं सहन होत नाही. मला वाटलं, इतक्यांदा लागतं म्हणून. तो म्हणाला, तसं नाही. ९ ऑक्टोबर १९८९ ला लाइप्झिगच्या रस्त्यावर आम्ही सत्तर हजार माणसं होतो. गोळीबार होणार असं सगळे म्हणत होते. आमच्या हातात मेणबत्त्या होत्या. तिथे गिटार नव्हती. नंतर देश एक झाला, पूर्वेकडचे सरकारी कारखाने विकायला काढले, लाखो लोकांच्या नोकऱ्या गेल्या, त्यात माझा बाप होता. आणि १९९१ भर तो घरी बसून रेडिओवर पश्चिमेकडच्या बँडची ही शीळ ऐकत होता. वारा कुणासाठी बदलला, ते आम्हाला विचारा.

मी ऐकून घेतलं. मला तो पूर्ण पटला नाही. गाणं काही कारखाना विकत नाही. पण एक गोष्ट डोक्यात बसली, की एखादं गाणं कोण कुठल्या बाजूला उभं राहून ऐकतं त्यावर ते काय आहे हे ठरतं, आणि व्हरांड्याच्या त्या बाजूला मी नव्हते.

गाण्याचं पुढेही बरंच झालं. १९९९ मध्ये, भिंत पडल्याला दहा वर्षं झाली तेव्हा, ब्रांडेनबुर्ग दरवाज्यापाशी रोस्त्रोपोविच यांच्या चेलोसोबत ते वाजलं. २०२० मध्ये पॅट्रिक रॅडन कीफ या अमेरिकन पत्रकाराने पूर्ण पॉडकास्ट मालिका केली, विषय असा की हे गाणं खरं तर सीआयएने लिहून घेतलं का. अफवा ऐकून माइन हसला. मालिका मी ऐकली, फार छान आहे, आणि शेवटी पुरावा काही हाती लागत नाही. माझं मत विचाराल तर सरकारी खात्याला इतकी चांगली धून सुचणं अवघड आहे. मग २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर हल्ला केला, आणि माइनने ठरवलं की मॉस्कोच्या नदीचं कौतुक करणाऱ्या सुरुवातीच्या ओळी आता तशा गाता येणार नाहीत. त्याने त्या बदलल्या, तिथे युक्रेन आणला. सत्तरी ओलांडलेला माणूस, ज्या गाण्याने त्याला जगभर नेलं त्याच्या पहिल्याच ओळी खोडतो. चाळीस वर्षं चाललेला प्रोग्राम उघडून पहिलीच ओळ बदलायला किती हिंमत लागते, हे मला माहीत आहे. सगळ्यांना त्या पाठ असतात. शीळ मात्र तशीच ठेवली.

ते वाचलं त्या दिवशी मी दांडीला फोन केला. नंबर मिळवायला आपल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर तीन दिवस लागले, कारण एकाने नंबर विचारल्यावर अकरा जणांनी सुप्रभात पाठवलं. तिचं आता पर्यटकांचं जेवणघर आहे, मुलगा किल्ल्यावर होडी नेतो. मी सगळं एका दमात सांगितलं. यादी, अक्षर, ऑफिस, मी काय बोलले. पलीकडे बराच वेळ मिक्सरचा आवाज येत होता.

मग म्हणाली, "माका त्या ऑफिसातला काय आठवणा नाय. तू माज्याकडे बघूक नाय, ता आठवता."

आणि मग तिने मला माहीत नसलेली गोष्ट सांगितली. त्या दिवशी बाप तिला घेऊन शाळेतून निघाला. मार बसणार म्हणून ती चार पावलं मागे चालत होती. जेटीपाशी आल्यावर तो थांबला आणि म्हणाला, "काय ता? परत घाल बघया." तिने घातली. त्याने पूर्ण ऐकली आणि म्हणाला, आवाज चांगला पोचतो. मग रापणीवर गेला. त्या दिवसाचा त्याचा वाटा गेला होता. घरात त्यावर कुणी बोललं नाही.

मी माफी मागितली. ती "हां" म्हणाली. 'हां' चा अर्थ काय घ्यायचा, ते मी तिला विचारलं नाही. ह्या मेळाव्यात हे सांगू का, एवढं विचारलं. "सांग. पण नाव घेव नको, गिऱ्हायकां हसतली."

ती इथे आहे. तिसऱ्या रांगेत. मागे वळून बघू नका, सगळेच बघताय. सकाळी चहाच्या वेळी मी तिला म्हटलं, आज पडदा ओढायला कुणी नाही, घालतेस का? तिने ओठ उघडून दाखवले. गेल्या पावसात जेटीवर पाय घसरला. "आता खयची शीळ? फुडले दोन दात गेले, नुसती हवा सुटता." आणि अशी हसली की आम्ही दोघींनी चहा सांडला.

आता शेवटचं, आणि हे पुरुष वर्गासाठी. ती कॅसेट माझ्याकडून नववीत असताना आपल्या वर्गातल्या एका मुलाने 'दोन दिवसांसाठी' नेली होती. तो आज इथे आहे, तो पुण्याहून आलाय, आणि मी बोलायला उभी राहिल्यापासून तो चपलांकडे बघतोय. दादा आता निवृत्त होऊन गावी आला आहे, आणि परवाच त्याने मला विचारलं, ती माझी हॅम्बुर्गची कॅसेट कुठे आहे गं? जेवणाआधी मला येऊन भेट.